चार सेंट खिशात, वीस लाख खात्यात: ‘द राइज ऑफ डेव्हिड लेव्हिन्स्की’ कोणत्या प्रतीत घ्यावं, कसं वाचावं

या कादंबरीचा शेवट लेखकाने पहिल्याच परिच्छेदात फोडून टाकलाय. निवेदक १८८५ साली अमेरिकेत उतरला तेव्हा खिशात चार सेंट होते. आज त्याच्याकडे वीस लाख डॉलरहून जास्त आहेत, आणि बायकांच्या तयार कपड्यांच्या धंद्यात देशातल्या पहिल्या दोन-तीन माणसांत त्याचं नाव घेतात. लगेच पुढे तो सांगतो की आतून मी तीस-चाळीस वर्षांपूर्वी होतो तसाच आहे आणि या सगळ्याला काही अर्थ वाटत नाही. तेव्हा ‘पुढे काय होतं’ एवढ्याच ओढीवर पुस्तक संपवणाऱ्यांनी याच्या वाटेला जाऊ नये. माणूस बदलतो म्हणजे नेमकं काय काय बदलतो, जीभ, हात, कॉलर, जेवणाचं ताट, आणि त्यातलं काय शेवटपर्यंत बदलत नाही, हे बघायचं असेल तर याच्या तोडीचं दुसरं पुस्तक त्या काळात नाही.

लेखक अब्राहम कहान. जन्म १८६०, विल्नाजवळचा (आजचं लिथुआनियातलं विल्नियस). १८८२ मध्ये अमेरिकेत आला. न्यूयॉर्कच्या ‘फोरव्हर्ट्स’ या यिडिश (पूर्व युरोपातल्या ज्यूंची बोली) दैनिकाचा अनेक दशकं संपादक. त्याच दैनिकात १९०६ पासून ‘बिंटेल ब्रीफ’ हे वाचकांच्या पत्रांचं सदर सुरू झालं. नवरा टाकून गेला, मुलगा शनिवार (ज्यूंचा विश्रांतीचा पवित्र वार) पाळत नाही, मालक पैसे बुडवतो, असल्या तक्रारींचा ढीग रोज या माणसाच्या टेबलावर पडायचा. कादंबरी १९१७ ची. तिचं बीज १९१३ साली ‘मॅक्क्लूर्स’ मासिकात क्रमशः आलं होतं, आणि त्याच मासिकाने त्याच सुमारास ज्यूंच्या ‘आक्रमणा’वर लेख छापला होता. कट्टर समाजवादी संपादकाने भांडवलदाराच्या तोंडून प्रथमपुरुषी आत्मचरित्र लिहायचं, आणि तेही अशा शेजारात, ही तारेवरची कसरत होती. काही ज्यू वाचक तेव्हा चिडले, आपल्याच माणसाने आपल्याविरुद्ध कोलीत दिलं म्हणून. आज वाचताना तो राग कळतो. पण कहानने लेव्हिन्स्कीला खलनायकही केलेलं नाही आणि बिचाराही केलेलं नाही.

आता प्रतीबद्दल. पेंग्विनने १९९३ मध्ये काढलेली, ज्यूल्स शॅमेट्झ्की यांची प्रस्तावना आणि टिपा असलेली आवृत्ती मिळाली तर तीच घ्या, जुनी चालेल. कादंबरीत तालमूद (ज्यूंचा धर्मशास्त्राचा ग्रंथ), सणवार, न्यूयॉर्कचे रस्ते, युनियनची भांडणं हे सगळं गृहीत धरलेलं आहे, आणि टिपांशिवाय पहिली शंभर पानं जड जातात. फुकट हवी असेल तर गुटेनबर्ग प्रकल्पावर ई-पुस्तक आहे. १९१७ चं असल्याने अमेरिकेत हक्कमुक्त, आणि कहान १९५१ मध्ये वारल्यामुळे साठ वर्षांच्या हिशेबाने आपल्याकडेही मोकळं. टिपा नाहीत, पण मजकूर पूर्ण आहे.

घोळ होतो तो मागणीनुसार छापलेल्या स्वस्त प्रतींत. स्कॅनवरून उचललेला मजकूर, ना प्रस्तावना ना टीप, तिरपी अक्षरं सरळ झालेली, कुठे शीर्षकं गायब. विकत घेण्याआधी आतली पानं उघडून दोन गोष्टी तपासा. एक, कादंबरीचे चौदा ‘भाग’ आहेत आणि प्रत्येकाला नाव आहे: पहिला ‘घर आणि शाळा’, सातवा ‘माझं मंदिर’, आठवा ‘माझ्या मंदिराचा विध्वंस’, चौदावा ‘एका एकाकी आयुष्यातले प्रसंग’. ही नावं गाळलेली प्रत नको, कारण सातव्या आणि आठव्या भागाच्या नावांतच अर्धी कादंबरी आहे. दोन, पानांची संख्या. मूळ पुस्तक पाचशे तीस पानांच्या आसपास आहे. अडीचशे-तीनशे पानांत ‘संपूर्ण’ बसवलेलं दिसलं की एक तर टाइप मुंगीएवढा आहे किंवा कुणी कात्री लावली आहे.

मराठी वाचकाची पहिली अडचण वेगळीच असते. आपल्याला ज्यू म्हटलं की अलिबाग-पेणकडचे बेने इस्राएल आठवतात. घरात मराठी, आडनावाला ‘कर’, नवसाला मलिदा, आणि शनिवारी घाणा बंद म्हणून गावाने दिलेलं ‘शनवार तेली’ हे नाव. लेव्हिन्स्कीचं जग ते नव्हे. ही झारच्या राज्यातली, यिडिश बोलणारी, उत्तरेकडच्या थंडीतली माणसं. १८८१ नंतरच्या दंगली, कायद्याची बंधनं आणि दारिद्र्य यांना कंटाळून १९२४ पर्यंत अशी सुमारे वीस लाख माणसं अमेरिकेत आली. शनिवार मात्र दोन्हीकडे तोच, आणि या कादंबरीत त्या शनिवारचं काय होतं ते पुढे येईलच.

दुसरी अडचण शब्दांची. ‘क्लोक’ वाचून डोळ्यांपुढे झगा आणू नका. इथे त्याचा अर्थ बायकांचा बाहेरून घालायचा कोट, आणि ‘क्लोक अँड सूट’ म्हणजे बायकांच्या तयार कपड्यांचा अख्खा धंदा. ‘लान्ड्समन’ म्हणजे गाववाला. एका गावाहून आलेल्यांनी काढलेली मदत मंडळं म्हणजे गिरणगावातल्या ग्रामस्थ मंडळांचीच जात: आजारपण, वर्गणी, मयत, आणि वर मानपान. ‘बोर्डर’ म्हणजे दोन खोल्यांच्या घरात भाड्याने ठेवलेला पेइंग गेस्ट. त्याच्या भाड्यावर घरमालकाला द्यायचं भाडं सुटतं, आणि कादंबऱ्यांतली निम्मी लफडी याच खाटेवरून सुरू होतात. ‘ग्रीनहॉर्न’ नुकता बोटीतून उतरलेला. ‘ऑलराइटनिक’ म्हणजे ज्याचं सगळं ‘ऑल राइट’ चाललंय असा नवश्रीमंत. या शब्दात कौतुक कमी आणि टोमणा जास्त.

पहिले चार भाग रशियातल्या अँटोमिर या काल्पनिक गावात घडतात. बरेच वाचक इथेच पुस्तक मिटतात. बाप लहानपणीच गेलेला, आई काबाडकष्ट करून पोराला तालमूद शिकवते, आणि पोराला झालेल्या मारहाणीचा जाब विचारायला गेलेली ती माउली जिवंत परत येत नाही. हे भाग उड्या मारत वाचू नका. संथा घेणाऱ्या बटूसारखा पोथीवर डोलणारा, सुरात प्रश्न विचारून अंगठा हवेत फिरवत उत्तर काढणारा हा मुलगा डोळ्यांपुढे उभा राहिला नाही, तर पुढचं सगळं एका यशस्वी व्यापाऱ्याची डायरी होऊन बसतं. शेवटच्या पानावर लेव्हिन्स्की याच मुलाकडे वळतो.

पाचव्या भागापासून गाडी धावते. न्यूयॉर्कात उतरल्यावर एक म्हातारा, देवभोळा, बऱ्यापैकी पैसेवाला गृहस्थ याचं तालमूदचं ज्ञान पाहून खूश होतो, नवे कपडे घेऊन देतो आणि न्हाव्याकडे नेतो. धार्मिक ज्यू राखतात त्या कानाजवळच्या बटा कापल्या जातात. आरशात बघून हा स्वतःला ओळखतच नाही. यातली मेख सहज निसटते: बटा कापायला पैसे देणारा माणूस धार्मिक आहे. कुणी धर्म सोडायला लावलेला नाही, जबरदस्ती नाही, सगळं प्रेमाने चाललंय. पुढे लेव्हिन्स्की एका ठिकाणी म्हणतो की माझ्यासारख्या वाढलेल्या माणसावर कडक कॉलर आणि टायचा काय परिणाम होतो यावर अख्खं पुस्तक लिहिता येईल. ते पुस्तक कहानने लिहिलेलंच आहे.

इंग्रजी शिकण्याची पानं तर दोनदा वाचावीत अशी. सुरुवातीला त्याला वाटतं, या लोकांच्या बोलण्याच्या अवयवांतच काही बिघाड असावा. रात्रशाळेत बेंडर नावाचे मास्तर. हा त्यांना एका गोष्टीवरून भंडावून सोडतो: ‘मी लिहिलं’ आणि ‘मी लिहिलं आहे’ यांत खरा फरक काय? मास्तरांना सांगता येत नाही. त्यांना ते बोलता येतं, इतकंच. यिडिश बोलणाऱ्याला हा फरक उपराच. (मराठी वाचक इथे मिश्या पिळू शकतो, आपल्याकडे दोन्ही रूपं आहेत.) तालमूदमध्ये एका अक्षरावर दिवस घालवणाऱ्या पोराने तीच हत्यारं इंग्रजी व्याकरणावर चालवलेली आहेत. धर्मग्रंथ सुटला, वाचायची रीत सुटली नाही. बेंडर त्याला भेट देतात ती डिकन्सची कादंबरी. निवेदकाचं इंग्रजी थोडं ताठ, पुस्तकी वाटतं ते यामुळेच. हा दोष समजून कंटाळू नका. वयात आल्यावर पुस्तकातून भाषा उचललेला माणूस असंच लिहील.

हातांचं मात्र काही करता येत नाही. बोलताना हात हलवायची ती तालमुदी सवय त्याला शारीरिक व्यंगासारखी छळते. खिशात हात घालून बोलून बघतो, आणखी क्लृप्त्या करतो, काही उपयोग नाही. आगगाडीत, हॉटेलात तो इतर व्यापारी कसे बसतात, कोणता पदार्थ मागवतात, कपड्यांचा कोणता रंग घालतात, हे चोरून बघत असतो. पैशाचे आकडे वाढत जातात तसं हे चोरून बघणं कमी होईल असं वाटतं, होत नाही.

धंद्याचा भाग हा या पुस्तकाचा कणा, आणि शिवणधंदा जवळून पाहिलेल्याला तो विशेष आवडेल. ठिणगी पडते ती दुधाच्या बाटलीने. कारखान्यात डबा खायच्या वेळी बाटली हातातून निसटते, रेशमी कोटांवर दूध सांडतं, आणि मालक भावांपैकी एकजण सगळ्यांदेखत याची टर उडवतो. कॉलेजला जायचं म्हणून पैसे साठवणारा हा कामगार त्या अपमानात ठरवतो की या मालकाचा उत्तम डिझायनर, चायकिन, आपण फोडायचा. कॉलेज म्हणजे ते ‘मंदिर’. दूध सांडलं आणि मंदिर कोसळलं. एवढ्या क्षुल्लक गोष्टीवर वीस लाखांचं साम्राज्य उभं करायला लेखकाकडे धाडस लागतं.

त्यानंतर भांडवल नसताना कारखाना कसा चालवायचा याचा जणू पाठच आहे. चायकिन दिवसा जुन्या मालकाकडे आणि रात्री याच्यासाठी नमुने कापतो. कापड उधारीवर. माल गेला, पण विकत घेणारी पेढी अडचणीत, पैसे अडकले. भागीदाराची बायको भडकते, भागीदारी मोडते. मग मजुरी. युनियनच्या दराखाली काम करायला तयार असलेले गाववाले, जुन्या वळणाचे, तो कामाला ठेवतो. त्यांना शनिवार पाळायचा आहे, आणि हा त्यांना तो पाळू देतो. स्वतः शनिवार सोडलेला मालक इतरांच्या शनिवारावर नफा कमावतो. गाववाल्यांच्या मंडळाला पुढे नावच ‘लेव्हिन्स्की अँटोमिर’ असं पडतं. हे सगळं तो लाजत सांगत नाही, फुशारकीनेही सांगत नाही. स्पेन्सर आणि डार्विन वाचून ‘जो टिकतो तोच लायक’ असं तत्त्वज्ञानही त्याने तयार ठेवलंय. समाजवादी कहान इथे एक शब्दही मध्ये बोलत नाही, आणि त्यामुळेच टोचतं. शिवाय त्याचा एक दावा खराच आहे: मोठ्या पेढ्यांपेक्षा स्वस्तात नीटस कोट शिवून रशियन ज्यूंनी सर्वसाधारण अमेरिकन बाईला चांगले कपडे घालायला दिले.

बायकांच्या बाबतीत पुस्तक लंगडतं. नववा भाग ‘डोरा’ उत्तम आहे: मुलगी शाळेत जे शिकते ते घरी तिच्याबरोबर शिकणारी, मुलीच्या पुढे जाण्याने सुखावणारी आणि जळणारीही आई. दोन-चार पानांत अख्ख्या पिढीचं दुखणं सांगितलंय. त्यानंतरची लग्नाची खटपट, कवीची मुलगी ॲना टेव्हकिन वगैरे, ताणलेली आहे. निवेदकाला बायका दिसतच नाहीत, आपली एकटेपणाची जागा दिसते. हे लेखकाला ठाऊक असावं, पण दीडशे पानं तेच बघायला वाचकाने का बसावं? अकराव्या ते तेराव्या भागांत वेग वाढवला तरी चालेल. कॅट्सकिल डोंगरातल्या हॉटेलचा प्रसंग तेवढा सोडू नका. नटूनथटून, गोंगाट करत जेवणारी ती नवश्रीमंत मंडळी, वाद्यवृंदाकडे कुणाचं लक्ष नाही. आणि राष्ट्रगीत वाजताच सगळे ताडकन उभे. तोवर खिल्ली उडवत आलेला निवेदक इथे हलतो: या झेंड्याखाली आपला छळ होत नाही, हे त्यांच्या चेहऱ्यावर वाचतो.

एवढ्या जाडजूड पुस्तकाने सुरुवात करायची हिंमत नसेल तर कहानचंच ‘येकल’ (१८९६) आधी घ्या. दहा प्रकरणं, दोन संध्याकाळींचं काम. येकल अमेरिकेत ‘जेक’ झालाय, बॉक्सिंगच्या गप्पा मारतो, नाचायला जातो. मग गावाकडून बायको गिट्ल आणि मुलगा येतात. एलिस बेटावर, म्हणजे न्यूयॉर्क बंदरातल्या स्थलांतरितांच्या तपासणी नाक्यावर, बायकोचा टोप आणि गावंढळ वेश बघून याला लाज वाटते. घरात तो तिला शब्द शिकवतो. ‘डिनर’ हा शब्द ती घोळवते. यिडिश कानाला तो ‘बारीक’सारखा ऐकू येतो, आणि ती बिचकत कोटी करते: आणि माणूस जाड झाला तर? शेवटी रब्बीसमोर (ज्यू धर्मगुरू) घटस्फोट, आणि दुसऱ्या बाईच्या साठवलेल्या पैशांवर मोकळा झालेला जेक ट्राममध्ये बसून प्रवास संपू नये असं म्हणत असतो.

‘येकल’ घेताना छपाईची एक गोष्ट डोळ्यांत तेल घालून बघा. पात्रं यिडिश बोलतात ते सरळ इंग्रजीत दिलंय, आणि त्या यिडिशमध्ये शिरलेले मोडकेतोडके इंग्रजी शब्द तिरप्या अक्षरांत. कोण किती ‘अमेरिकन’ झालंय हे तिरप्या शब्दांच्या संख्येवरून कळतं. ती तिरपी अक्षरं सरळ झालेली फाइल म्हणजे नाटकातून सूर काढून टाकल्यासारखं. १९७० ची डोव्हरची प्रत, ‘येकल’ आणि ‘द इम्पोर्टेड ब्राइडग्रूम’ एकत्र असलेली, या बाबतीत भरवशाची. यावर निघालेला ‘हेस्टर स्ट्रीट’ (१९७५) हा कृष्णधवल चित्रपट आधी बघितला तर उच्चार कानात बसतात. कॅरोल केनला गिट्लच्या भूमिकेसाठी ऑस्करचं नामांकन होतं.

लेव्हिन्स्कीत न दिसलेल्या बायका अँझिया येझिएर्स्काच्या ‘ब्रेड गिव्हर्स’ (१९२५) मध्ये आहेत. पोथी वाचणारा बाप, आणि त्याला पोसणाऱ्या चार मुली. धाकटी सारा दहाव्या वर्षी रस्त्यावर दोन सेंटला एक या भावाने हेरिंग मासे विकते, पुढे घर सोडते, लाँड्रीत इस्त्री करते, रात्री शिकते. एक प्रसंग पुरेसा आहे. कॅफेटेरियात भुकेली सारा रश्श्यात मांस जास्त मागते. वाढणारी बाई बटाटे आणि पातळ रस्सा देते, आणि मागच्या पुरुषाच्या ताटात मांसाचे तुकडे. विचारलं तर पुरुषाला जास्तच लागतं म्हणे. वाक्यरचना मुद्दाम यिडिश वळणाची, कर्ता-क्रियापद उलटसुलट. मनातल्या मनात न वाचता मोठ्याने वाचली की बसते. आवाज सतत टिपेचा असतो, एका बैठकीत पन्नास पानांच्या वर झेपत नाही. पर्सिया प्रकाशनाने १९७५ मध्ये हे विस्मृतीतून वर काढलं, त्यात ॲलिस केसलर-हॅरिस यांची प्रस्तावना आहे. ती कादंबरी संपल्यावर वाचा.

हेन्री रॉथचं ‘कॉल इट स्लीप’ (१९३४) सगळ्यात शेवटी. १९६४ मध्ये कागदी बांधणीत आलं, न्यूयॉर्क टाइम्सच्या पुस्तक पुरवणीच्या पहिल्या पानावर अर्व्हिंग हाउ यांनी परीक्षण लिहिलं आणि दहा लाखांवर प्रती खपल्या. सहा-सात वर्षांचा डेव्हिड, तापट बाप, आणि आई. आई घरात यिडिश बोलते ते गोड, काव्यमय इंग्रजीत येतं. तोच मुलगा जिना उतरून रस्त्यावर गेला की सगळ्यांचं इंग्रजी चिरफाळलेलं, आवाजाप्रमाणे लिहिलेलं. पहिल्या वाचनात वाटतं की ही दोन वेगवेगळी कुटुंबं आहेत. रस्त्यावरचे संवाद अडले तर ओठ हलवून वाचायचे, अर्थ आपोआप सुटतो. हाना विर्थ-नेशर यांचं उत्तरकथन असलेली प्रत मिळाली तर यिडिश, हिब्रू आणि पोलिशचा गुंता सुटायला मदत होते. चौथ्या भागात, ‘द रेल’मध्ये, मुलगा दुधाचं पळं ट्रामच्या रुळांमधल्या फटीत, विजेत, खुपसतो, तिथे एकाच पानावर बारमधले, रस्त्यावरचे, पोलिसाचे आवाज आणि मुलाच्या डोक्यातला आवाज एकमेकांत घुसतात. मोबाइलच्या पडद्यावर या पानांची ओळींची मांडणी तुटते, म्हणून हे एक पुस्तक तरी कागदावरच घ्या.

हे वाचून झालं की लेव्हिन्स्कीचा चौदावा भाग पुन्हा उघडा. अमेरिकेत उतरल्याला पंचवीस वर्षं झाली म्हणून तो बोटीवरच्या सोबत्याला, गिटेल्सन नावाच्या शिंप्याला, वॉल्डॉर्फ-अस्टोरिया या बड्या हॉटेलात जेवायला नेतो. गिटेल्सन जुनाट कपड्यांत अवघडून बसलाय, आणि लेव्हिन्स्कीला त्याच्याबद्दल माया वाटते आहे, आणि शेजारच्या टेबलावरून कुणी बघत तर नाही ना याची काळजीही.